भीमेची सरहद्द आणि शिवछत्रपतींची पूर्ववयांतील लष्करी कारकीर्द

१

पुण्याहून सोलापुराकडे जाणाऱ्या लोहमार्गावरील केडगांव हें नांव महाराष्ट्रांत मुख्यतः दोन गोष्टींमुळें प्रसिद्ध आहे. पंडिता रमाबाईंचें मुक्तिसदन १८९८ सालीं येथें आलें, आणि पुढें नारायणमहाराजांच्या बेटामुळें दत्तभक्तांस हें ठिकाण परिचित झालें. ह्या दोन्ही गोष्टी अर्वाचीन होत. परंतु ह्या गांवाच्या उत्तरेस थोड्या कोसांवर जी भीमा वाहते, तिचा संबंध ह्याहून पुष्कळ जुन्या आणि महाराष्ट्राच्या दृष्टीनें अधिक दूरगामी अशा एका घटनापरंपरेशीं आहे. शके १५५८ (इ. स. १६३६) मध्यें झालेल्या तहानें ह्या प्रांतांत मोगल बादशाही व विजापूरची आदिलशाही ह्यांमधील शीव ही नदीच ठरली, आणि त्या शिवेला लागून असलेल्या जहागिरीचा भावी धनी त्या वेळीं अवघा सहा वर्षांचा होता.

शिवाजीमहाराजांच्या पूर्ववयाचें वर्णन करितांना आपले लेखक बहुधा सह्याद्रीच्या कड्यांकडे व बारा मावळांकडे पाहतात. तें योग्यच आहे. डोंगरानें त्यांस आश्रय दिला, किल्ले दिले आणि जिवास जीव देणारीं माणसें दिलीं. तथापि जहागिरीचें जें दुसरें अंग, म्हणजे पाटस, सुपें, इंदापूर हा पूर्वेकडील सपाट देश आणि त्याची नदीकांठची हद्द, तिकडे जितकें लक्ष जावयास पाहिजे तितकें जात नाहीं. महाराजांचें लष्करी शिक्षण जितकें डोंगरांत झालें तितकेंच ह्या उघड्या सरहद्दीवर झालें, आणि १६५७ सालीं येथें पदरीं आलेलें अपयश हा त्या शिक्षणांतील एक मोठा धडा होता, हें दाखविण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे.

२

प्रथम भूमीचा विचार करूं. भीमाशंकराच्या डोंगरांत उगम पावून भीमा खेडावरून खालीं येते. तुळापुरापाशीं तिला इंद्रायणी मिळते, रांजणगांव सांडसापाशीं मुळा-मुठा मिळते, आणि तेथून ती दौंडावरून पेडगांवाकडे जाते. नदीच्या दक्षिणेस चाकण, पुणें, पाटस, सुपें व इंदापूर. उत्तरेस जुन्नर, श्रीगोंदें व अहमदनगर (आजचें अहिल्यानगर). श्रीगोंद्याचें जुनें नांव चांभारगोंदें. फारशी कागदांत तें चमारगुंडा असें येतें. नीरा व भीमा ह्यांच्या मधला हा प्रदेश भीमथडी ह्या नांवानें ओळखिला जाई, आणि इंग्रजी अमलांत ह्याच नांवाचा तालुकाही होता. येथील काटक, बुटक्या आणि थोड्या चाऱ्यावर लांबचा पल्ला मारणाऱ्या तट्टांनीं भीमथडीचें नांव सर्व हिंदुस्थानांत पोंचविलें.

भुलेश्वराचा डोंगर मागें टाकून पूर्वेस निघालें म्हणजे आडोशाला टेकडीही मिळत नाहीं. शत्रु आला तर दोन कोसांवरून दिसतो, आणि आपणही त्याला तितकेच दिसतों. पाऊस येथें थोडा. परंतु सह्याद्रीवरील पावसानें नदीस पूर येतो, मग येथें आभाळ निरभ्र कां असेना. आज कालव्यांच्या पाण्यानें ह्या भागांत ऊस उभा असतो. त्या काळीं हा कोरडवाहू ज्वारीचा देश होता. पावसाळ्यांत ही नदी म्हणजे खरोखरीचा खंदक, आणि हिवाळा सरतां सरतां तिला ठिकठिकाणीं पायउतार पडे. अर्थात् जी शीव आषाढांत अभेद्य, तीच चैत्र-वैशाखांत कोणीही ओलांडावी अशी होई. सरहद्दीच्या राजकारणाचें वेळापत्रक अशा रीतीनें नदीच ठरवीत असे.

३

भोसले घराण्याचा ह्या नदीकांठाशीं संबंध महाराजांच्या जन्मापूर्वींचा आहे. मालोजीराजांचे वडील बाबाजी भोसले ह्यांजकडे पाटस परगण्यांतील हिंगणी बेर्डी व देऊळगांव येथील पाटिलकी होती, अशी परंपरा आहे. हीं दोन्ही गांवें आजच्या दौंड तालुक्यांत मोडतात. पाटिलकी करणाऱ्या ह्या कुळांतील मालोजी व त्यांचे पुत्र शहाजी निजामशाहींत सरदारकीस चढले, आणि पुणें व सुपें हे परगणे त्यांच्या जहागिरींत आले.

जहागिरीची स्थिति मात्र मोठी शोचनीय झाली होती. शके १५५२ च्या सुमारास विजापूरचा सरदार मुरार जगदेव ह्यानें पुणें जाळून उध्वस्त केलें. त्याच सुमारास दक्षिणेंत १६३० ते १६३२ चा भयंकर दुष्काळ पडला. देहूस तुकारामबोवांचें घर ज्यांत होरपळलें तो हाच दुष्काळ. ह्या धामधुमींतच शके १५५१ च्या फाल्गुन वद्य तृतीयेस (१९ फेब्रुवारी १६३०) शिवनेरीवर महाराजांचा जन्म झाला होता.

पुढें निजामशाही वांचविण्याचा शहाजीराजांचा यत्न फसला. १६३६ च्या मे महिन्यांत शाहजहान व आदिलशहा ह्यांनीं तह करून निजामशाहीचा मुलूख वांटून घेतला. भीमेच्या दक्षिणेकडील पुणें-चाकणचा प्रदेश विजापुराकडे गेला व उत्तरेकडील मोगलांकडे राहिला. माहुलीच्या वेढ्यानंतर शहाजीराजांस जुन्नरासह आपले किल्ले मोगलांच्या हवालीं करावे लागले आणि स्वतः आदिलशाहीची चाकरी पत्करावी लागली. ह्याचा परिणाम ध्यानांत घेण्यासारखा आहे. ज्या शिवनेरीवर महाराज जन्मले तो किल्ला आतां नदीपलीकडे, परक्या बादशहाच्या मुलखांत गेला. पुढें त्यांनीं शेंकडों किल्ले घेतले व बांधिले. परंतु शिवनेरी त्यांच्या हातीं अखेरपर्यंत आला नाहीं. जन्मस्थान एका राज्यांत, जहागीर दुसऱ्या राज्यांत, आणि वडील तिसरीकडे दूर कर्नाटकांत, अशा स्थितींत हें बाळपण गेलें.

४

शिवभारतकार परमानंद सांगतो त्याप्रमाणें वयाच्या बाराव्या वर्षीं शहाजीराजांनीं पुत्रास सैन्य व प्रधान देऊन बंगळूराहून पुण्यास पाठविलें. जहागिरीचा कारभार दादोजी कोंडदेव ह्यांजकडे होता. त्यांच्यापुढील पहिलें काम लढाईचें नव्हतें. पळालेली रयत परत आणणें, पडीत जमीन थोड्या साऱ्यानें लागवडीस देणें, आणि रान माजल्यामुळें वाढलेल्या लांडग्यांचा बंदोबस्त करणें हें तें काम होतें. लांडगे मारणाऱ्यांस इनाम दिल्याचें वर्णन आढळतें. लहान गोष्ट खरी. परंतु दोन फौजांच्या येण्याजाण्याच्या वाटेवर पडलेला मुलूख किती ओसाड होतो, हें तिजवरून कळतें. जो धनी पुढें फौजेस रयतेच्या गवताच्या काडीसही हात लावूं नये म्हणून बजावणार होता, त्यानें डोळे उघडून प्रथम पाहिला तो देश असा होता.

२८ जानेवारी १६४६ च्या पत्रांत रांझें गांवच्या बाबाजी भिकाजी गुजर पाटलानें बदअमल केल्याबद्दल त्याचे हातपाय तोडून पाटिलकी काढून घेतल्याची नोंद आहे. त्या वेळीं महाराज सोळा वर्षांचेही झाले नव्हते. महाराजांची संस्कृत मुद्रा जुन्या पत्रांतून दिसूं लागते ती ह्याच काळांत. त्या मुद्रेंत तिला प्रतिपदेच्या चंद्रकोरीची उपमा देऊन ‘वर्धिष्णु’ हें विशेषण योजिलें आहे. व्याकरणदृष्ट्या हा शब्द ‘वाढणारी’ एवढेंच सांगत नाहीं. वृध् धातूस लागलेला इष्णुच् प्रत्यय पाणिनीनें ताच्छील्य, म्हणजे स्वभाव, ह्या अर्थीं विहित केला आहे. ‘वाढणें हा जिचा स्वभावच’ असा त्याचा अर्थ. तीन बाजूंनीं बादशाही मुलूख आणि चौथीकडे डोंगर, अशा चिंचोळ्या जहागिरीच्या धन्यानें हा शब्द वापरावा, ह्यांत नुसता अलंकार पाहणें बरोबर होणार नाहीं.

५

सरहद्दीवरील जहागिरदारास एक गोष्ट लवकर कळते. दोन प्रबळ सत्तांच्या मध्यें राहावयाचें तर एकीचें भय दुसरीस दाखवितां आलें पाहिजे. २५ जुलै १६४८ रोजीं जिंजीनजीक शहाजीराजांस विजापूरच्या सरदारांनीं कैद केलें, आणि इकडे महाराजांवर फत्तेखान चालून आला. पुरंदराच्या आसपास मराठ्यांनीं त्याचा मोड केला. परंतु लढाई जिंकून वडील सुटत नव्हते. तेव्हां महाराजांनीं नदीपलीकडच्या सत्तेकडे संधान बांधिलें, आणि शाहजादा मुरादबक्ष ह्याच्याशीं पत्रव्यवहार सुरू केला. मोगलांकडून प्रत्यक्ष मदत आली नाहीं. आणि १६४९ सालीं शहाजीराजे सुटले ते कोंडाणा विजापुरास परत दिल्यावर. परंतु भीमा ही जशी भिंत आहे तसा दरवाजाही आहे, हें एकोणीस वर्षांच्या तरुणानें ओळखिलें होतें.

तोच डाव आठ वर्षांनीं अधिक मोठ्या पटावर मांडिला गेला. ४ नोव्हेंबर १६५६ रोजीं महंमद आदिलशहा वारला, आणि दक्षिणेचा सुभेदार शाहजादा औरंगजेब ह्यानें विजापुरावर स्वारी केली. मार्च १६५७ अखेर बिदर पडलें. महाराजांचा वकील सोनाजीपंत औरंगजेबाच्या छावणींत बोलणें लावीत होता, आणि एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यानंतर औरंगजेबाचें अनुकूल पत्रही निघालें. परंतु मोगल फौजा बिदर-कल्याणीकडे गुंतल्या असतां भीमेपलीकडचा मोगली मुलूख उघडा पडला होता, आणि नदीचें पाणी उतरलें होतें. वकील शब्द बोलत असतां घोडे नदींत उतरले.

६

ह्या १६५७ च्या स्वारीचा तपशील बारकाईनें पाहण्यासारखा आहे, कारण मोगलांशीं महाराजांचें हें पहिलें युद्ध. मिनाजी भोसले तीन हजार स्वारांनिशीं भीमा उतरून चांभारगोंदें परगण्यांत शिरला; काशी नांवाचा दुसरा सरदार राशिनाकडे गेला. दोघांनीं अहमदनगरच्या वेशीपर्यंतचा मुलूख हालविला. स्वतः महाराज उत्तरेस जुन्नरावर गेले. एप्रिलअखेरच्या एका रात्रीं दोरांच्या शिड्यांनीं तटावर चढून, पहारेकरी कापून त्यांनीं शहर लुटलें. तीन लक्ष होन, दोनशें घोडे आणि जडजवाहीर हातीं आलें. लुटींत घोड्यांची गणना निराळी केलेली आहे, हें विसरूं नये. डोंगरांत पायदळ पुरतें. सपाट देशांत घोड्यावांचून पाऊल टाकितां येत नाहीं.

परंतु हा विजय टिकला नाहीं. अहमदनगराहून मुलतफतखान निघाला व त्यानें चांभारगोंद्याजवळ मिनाजीचा पराभव केला. महाराज जुन्नराकडून अहमदनगरच्या बाजूस वळले असतां नासिरीखान लांबलांब मजला करीत आला, आणि त्यानें उघड्या मैदानांत मराठ्यांस गांठून मोठें नुकसान केलें. मृगाचा पाऊस सुरू झाला, नदीस पाणी आलें, आणि दोन्ही बाजूंची धांवपळ थांबली. सरहद्दीवर जुन्नर, चांभारगोंदें इत्यादि ठिकाणीं मोगल सरदार ठाणीं धरून बसले. सप्टेंबरांत विजापुरानें तह केला, तेव्हां महाराजांसही नमतें घ्यावें लागलें. शाहजहानाच्या दुखण्याची वार्ता येऊन औरंगजेब जानेवारी १६५८ मध्यें उत्तरेस निघाला नसता, तर पुढचा प्रसंग कठीण होता.

बखरकार ह्या पराभवाचा फारसा विस्तार करीत नाहींत. चरित्रकारही जुन्नरच्या शिड्यांचें वर्णन करून पुढें जातात. वास्तविक मिनाजीच्या मोडांत व नासिरीखानाच्या चढाईंत पुढील पंचवीस वर्षांच्या युद्धनीतीचें बीज आहे. मोगली जड घोडदळासमोर मैदानांत उभें राहूं नये. शत्रूला आपल्या मागें ओढावें, त्याच्या ठाण्यांतील माणूस बाहेर काढावा, आणि मग जेथें तो नाहीं तेथें घाव घालावा, हा तो धडा होय.

७

ह्या धड्याची किंमत सरहद्दीवरील खेड्यांनीं दिली. औरंगजेबाच्या पत्रसंग्रहांत त्याचे ह्या प्रसंगींचे हुकूम आहेत. चोहोंकडून शिवाजीच्या मुलखांत शिरावें, गांवें उजाड करावीं, दयामाया न धरितां लोकांस मारावें, पुणें व चाकण हे परगणे धुळीस मिळवावे, असें तो सरदारांस लिहितो. इतकेंच नव्हे, तर बादशाही हद्दींतील ज्या पाटलांनीं व रयतेनें शत्रूस साह्य केलें असेल त्यांसही मारावें असें तो बजावतो. ह्या शेवटल्या आज्ञेचें मर्म फार मोलाचें आहे. नदीच्या उत्तरतीरावरील मोगली प्रजा मराठ्यांस आंतून मिळते, हा संशय शाहजाद्यास होता. हें स्वाभाविकच होतें. दोन्ही तीरांवर भाषा एक, कुळें एक, सोयरीक एक. तहानें वांटली होती ती जमीन.

पावसानें त्या वर्षीं हे हुकूम अंमलांत आले नाहींत. ते आले तीन वर्षांनीं. २५ फेब्रुवारी १६६० रोजीं शाइस्ताखान अहमदनगराहून निघाला. त्याचा मार्ग पाहावा : सोनवडी, सुपें, बारामती, तेथून नीरेच्या कांठानें शिरवळ, सासवड आणि ९ मे रोजीं पुणें. सोनवडी आजच्या दौंड तालुक्यांत भीमेच्या कांठींच आहे. खान घाटांच्या बाजूनें आला नाहीं. जहागिरीचें जें उघडें अंग, तिकडूनच आला. महाराजांनीं येथें मैदानांत त्यास अडविलें नाहीं. त्यांच्या टोळ्या त्याच्या पिछाडीस व बाजूंस लागून राहिल्या. चाकणच्या भुईकोटांत फिरंगोजी नरसाळा ५० हून अधिक दिवस झुंजला, आणि १५ ऑगस्ट रोजीं तो कोट पडला. अखेर ५ एप्रिल १६६३ च्या रात्रीं, लाखाच्या छावणीच्या मध्यभागीं, खानाच्या बिछान्यापर्यंत घाव गेला. जेथें शत्रु निर्धास्त तेथेंच मारावें, हें सूत्र आतां पक्कें झालें होतें.

८

फौजेची घडणही ह्याच अनुभवानें झाली असें दिसतें. सभासद सांगतो त्याप्रमाणें पागेंत २५ बारगिरांवर एक हवालदार, पांच हवालदारांचा एक जुमला, दहा जुमल्यांवर एक हजारी, आणि त्यांवर पांचहजारी व सरनोबत अशी रचना होती. पावसाळ्यांत लष्करानें आपल्या मुलखांत छावणी करावी, दसऱ्यास बाहेर पडावें, आठ महिने परमुलखांत पोट भरावें, लष्करांत बायका-बटकी नसाव्या, परमुलखांत बायकापोरांस धरूं नये व गाय नेऊं नये, असे नियम होते. ह्या वेळापत्रकांत भीमेच्या पुराचें व उताराचें गणित आपोआप आलें आहे. आणि ह्या निर्बंधांत, ज्यानें जळालेल्या परगण्यांत डोळे उघडले त्याचें मन दिसतें.

१६५७ च्या अपयशाचें खरें उत्तर सतरा वर्षांनीं, त्याच परगण्यांत मिळालें. श्रीगोंद्याच्या हद्दींत भीमेच्या उत्तरतीरावर पेडगांव येथें मोगल सुभेदार बहादुरखान ह्यानें आपली मोठी छावणी केली होती, तोच बहादुरगड. भोसल्यांच्या जुन्या पाटिलकीचीं गांवें ह्याच टापूंत नदीच्या अलीकडे आहेत. ६ जून १६७४ रोजीं रायगडावर राज्याभिषेक झाला. त्यास दीड महिनाही लोटला नव्हता, तोंच जुलैच्या मध्यास, ऐन पावसाळ्यांत, दोन हजार मराठे स्वार पेडगांवाकडे दिसूं लागले. खान त्यांच्या पाठीस लागला. ते पळत पळत त्याला सुमारें ५० मैल दूर घेऊन गेले, आणि सात हजारांची दुसरी फौज निराळ्या वाटेनें रिकाम्या छावणीवर येऊन पडली. तंबू जाळले गेले. लुटीचा आंकडा एक कोटि रुपये असा दिलेला आढळतो. त्याखेरीज बादशहास नजर करण्यासाठीं जमविलेले दोनशें उत्तम घोडे. जुन्नरास मिळाले होते तेही दोनशेंच; परंतु त्या वेळीं पाठलाग शत्रूनें ठरविला होता, ह्या वेळीं तो मराठ्यांनीं ठरवून दिला. मिनाजीचे तीन हजार स्वार जेथें उघड्यावर सांपडले, तेथेंच दोन हजार स्वारांचें सांपडणें हा आतां बहाणा झाला होता.

९

एवढ्यावरून डोंगराचें महत्त्व कमी होतें असें कोणी समजूं नये. राजगड-रायगड नसते तर १६५७ चा पराभव शेवटचा ठरला असता. म्हणणें इतकेंच, कीं गडांनीं स्वराज्य राखिलें, आणि तें राखितांना काय शिकावयास पाहिजे हें भीमेच्या मैदानानें शिकविलें. गडावरून पाहणाऱ्यास शत्रु खालीं दिसतो. नदीकांठीं राहणाऱ्यास तो समोर दिसतो. महाराजांस दोन्ही दृष्टि लाभल्या.

भीमा पुढेंही मराठ्यांच्या इतिहासांतून वाहतच राहिली. फेब्रुवारी १६८९ मध्यें संभाजीमहाराजांस कैद करून आणलें तें ह्याच बहादुरगडीं, आणि ११ मार्च रोजीं त्यांचा वध झाला तो ह्याच नदीच्या कांठीं, तुळापूर-वढूच्या परिसरांत. आज पुणें व अहिल्यानगर ह्या जिल्ह्यांची हद्द दौंड-श्रीगोंद्याच्या बाजूस भीमेवरूनच जाते. उतारूंस तिचें भान नसतें, आणि नसावें हेंच बरें. ती शीव पुसण्यासाठींच एवढें सर्व घडलें. परंतु दोन्ही तीरांवरील पाटील-कुळकर्ण्यांच्या घरीं, देवळांच्या कोठ्यांत, माळ्यांवरील गाठोड्यांत जुने कागद असतील, तर त्यांत ह्या शिवेवर राहिलेल्या माणसांचीं नांवें निघण्याचा संभव आहे : कोणीं उतार दाखविला, कोणाचें शेत जळालें, कोणीं पळून जाऊन पुन्हां येऊन नांगर धरिला. सेनापतींचे हुकूम छापले गेले आहेत. ज्यांच्या शेतांतून ते सेनापति गेले, त्यांचे कागद पाऊस व वाळवी ह्यांच्या आधीं वाचले जावे, हीच ह्या टापूंतील जाणत्या मंडळीस विनंती आहे.